दहा सुरुवातींची एक सर

ॲम्स्टरडॅममधल्या पावसाच्या एका सरीवर योरिस इव्हेन्स आणि मानुस फ्रांकेन या दोन डच तरुणांनी १९२९ साली एक मूक, कृष्णधवल लघुपट पुरा केला. नाव ‘रेखेन’, म्हणजे पाऊस. लांबी जेमतेम बारा मिनिटं. गोष्ट म्हणाल तर एका दमात सांगून होते: ऊन असतं, वारा सुटतो, आभाळ भरून येतं, सर कोसळते, ओसरते. नायक नाही, निवेदन नाही, कुणी कुणाशी बोलत नाही. तरीही ॲम्स्टरडॅमला कधी पाऊलही न ठेवलेल्या माणसाला हा लघुपट पाहून उठताना वाटतं की आपण त्या गावात एक दुपार काढली आहे आणि तिथे भिजलोही आहोत.

अशी दुपार ॲम्स्टरडॅममध्ये झालीच नव्हती. पडद्यावर जी एक सलग सर येते ती इव्हेन्सनं सुमारे चार महिने, मिळेल त्या पावसात, रस्त्यारस्त्यांवर हिंडून गोळा केली. नुसती सरीची सुरुवात, ते पहिले चार थेंब, एवढ्यासाठी त्यानं निदान दहा वेगवेगळ्या पावसांच्या सुरुवाती टिपल्या आणि त्या दहांतून एक सुरुवात जुळवली. या लघुपटाबद्दल मला सगळ्यात जास्त नवल वाटतं ते इथे. न पडलेली सर आपल्याला पडलेली वाटते, इतकंच नाही, तर अंगावर पडलेली वाटते. हे होतं कसं, याचा माग काढत गेलं की एका माणसाचं स्वतःचं शहर दुसऱ्याच्या डोळ्यांत कसं उतरतं, तेही थोडंफार हाती लागतं.

आधी लघुपट जवळून पाहू. सुरुवातीला शहर कोरडं आहे. कालव्याच्या पाण्यावर ऊन थरथरतंय, काठाला नावा लागल्या आहेत, कपडे वाळत घातलेले आहेत. मग काहीतरी बदलतं. काय बदललं ते लगेच कळत नाही. कापड जरा जास्त फडफडतं, दुकानांवरच्या कनाती फुगतात, पाखरांचा थवा वळतो. ढग सरकत येतात. आणि कालव्याच्या पाण्यावर एक वर्तुळ उमटतं, मग बाजूला दुसरं, मग चार-पाच एकदम. एक माणूस तळहात पुढे करतो, थेंब खरंच पडला की भास झाला ते अजमावतो आणि कोटाची कॉलर वर करतो. तोवर आपण एक गाव लांबून बघत होतो. त्या तळहातापाशी आपण नकळत स्वतःच्या हातावर थेंब पडायची वाट बघू लागतो.

पुढे खिडक्या ओढून घेतल्या जातात, छत्र्या उघडतात. वरच्या मजल्यावरून पाहिलेल्या छत्र्यांखाली माणसं दिसतच नाहीत. काळी, ओली, चकाकणारी वर्तुळं एकमेकांना चुकवत सरकत राहतात. मग आपण ट्राममध्ये असतो. काचेवरून ओघळ उतरताहेत आणि पलीकडचा रस्ता पातळ होऊन वाहतोय. पन्हळी भरून वाहतात, पागोळ्या लागतात, चाकं डबक्यांतून जातात. रस्त्याचे दगड इतके चमकतात की चालणाऱ्या माणसाच्या पायाखाली उलटा दुसरा माणूस चालताना दिसतो. कोरड्या ॲम्स्टरडॅममध्ये प्रतिबिंबं फक्त कालव्यात होती. पाऊस आल्यावर सगळं शहरच कालवा होतं. हे कुणी सांगत नाही. पाच-सहा मिनिटांत ते आपोआप जाणवतं, आणि जाणवल्यावर सुरुवातीचे ते कालवे का दाखवले होते याचा उलगडा होतो.

इव्हेन्सचा जन्म १८९८ चा, नायमेखन गावचा. आजोबा छायाचित्रकार, वडिलांचं कॅमेऱ्यांचं दुकान. ‘कापी’ हे दुकानाचं नाव वडिलांच्याच आद्याक्षरांतून झालेलं. मुलानं धंदा पुढे न्यावा म्हणून त्याला बर्लिनला छायाचित्रणाचं रसायनशास्त्र शिकायला धाडलं. तिथून तो ड्रेस्डेनच्या कॅमेरा कारखान्यांत उमेदवारी करून आला आणि ॲम्स्टरडॅमच्या शाखेचं काम बघू लागला. म्हणजे लेन्स, फिल्म, शटर या गोष्टी त्याला कलावंत होण्याच्या आधीपासून कामगारासारख्या ठाऊक होत्या. ड्रेस्डेनलाच त्याची ओळख किनामो नावाच्या कॅमेऱ्याशी आणि तो घडवणाऱ्या इमॅन्युएल गोल्डबर्गशी झाली.

किनामो ही वस्तू नीट समजून घ्यायला हवी, कारण तिच्याशिवाय हा लघुपट झाला नसता. त्या काळी चित्रपटाचा कॅमेरा म्हणजे तिपाईवर रोवलेलं जड धूड. माणसानं मागे उभं राहून हँडल एका लयीत फिरवत राहायचं. गोल्डबर्गनं जेवणाच्या डब्याएवढा कॅमेरा तयार केला आणि १९२३ मध्ये त्याला घड्याळासारखी किल्लीची मोटर बसवली. किल्ली दिली, बटण दाबलं की फिल्म आपोआप सरकते. दोन्ही हात मोकळे. आत मावायची फक्त पंचवीस मीटर फिल्म, म्हणजे मूकपटाच्या वेगानं साधारण सव्वा मिनिटाचं चित्रण. पण फिल्म थिएटरात वापरतात तीच, पस्तीस मिलिमीटरची. खिशात मावेल न मावेल एवढ्या पेटीतून मोठ्या पडद्याचं चित्र निघत होतं. (नाझी सत्तेवर आल्यावर या गोल्डबर्गला जर्मनी सोडावी लागली. प्रतिमा सूक्ष्म आकारात टिपण्यापासून कागदपत्रं यंत्रानं हुडकण्यापर्यंत त्यानं जे काही करून ठेवलं आहे, त्याचा एक वेगळाच लेख होईल.)

आता पावसाची अडचण. पाऊस पडताना आपल्याला तो उघड दिसतो, पण कॅमेऱ्याला तो फारसा दिसत नाही. दोन मिलिमीटरचा थेंब सेकंदाला सहा-साडेसहा मीटर वेगानं खाली येतो. मूकपटाच्या काळात सेकंदाला सोळा-अठरा चौकटी घेतल्या जात आणि प्रत्येक चौकटीवर प्रकाश पडायचा तो सेकंदाचा तिसावा-पस्तिसावा हिस्सा. तेवढ्यात थेंब वीतभर खाली गेलेला असतो. म्हणजे फिल्मवर गोल थेंब उमटत नाही, वीतभर लांबीची एक पुसट रेघ उमटते; मागे पांढरं आभाळ असलं तर तीही हरवते. मागून उजेड आणि पाठीशी काळोखी भिंत असेल तरच त्या रेघा दिसतात. नळ सोडून कृत्रिम पाऊस पाडणारे स्टुडिओवाले दिव्यांची मांडणी अशीच करतात. इव्हेन्सकडे दिवेही नव्हते आणि नळही.

त्यातून उजेडाची मारामार. भर दुपारी आभाळ काळवंडलं की फिल्मला हवा तेवढा प्रकाश मिळेनासा होतो. बाजारात तेव्हा रंगांच्या छटा करड्या रंगात नीट उतरवणाऱ्या नव्या, सुधारित फिल्म आल्या होत्या. इव्हेन्सनं त्या वापरून पाहिल्या आणि बाजूला ठेवल्या. पावसाला त्यांतली एकही चालेना. शेवटी कामी आली ती आग्फाची जुनी, जलद, रंगांची कसलीही दुरुस्ती नसलेली फिल्म. तीही फिल्टरशिवाय, कारण फिल्टर म्हणजे उरलासुरला प्रकाशही अडवणं. लेन्सचं तोंड कायम पूर्ण उघडं. लेन्स पूर्ण उघडली की चित्रातला एक थरच धारदार राहतो आणि पुढचं-मागचं मऊ होतं. काचेवरचा थेंब स्पष्ट आणि पलीकडचा रस्ता विरघळलेला, हे जे आपल्याला कवितेसारखं वाटतं, त्यात कमी उजेडाचाही हात आहे.

थेंब पकडता येत नसेल तर पाऊस दाखवायचा कसा? इव्हेन्सनं पाऊस ज्याला ज्याला शिवतो ते दाखवलं: पाण्यावरची वलयं, छत्रीचं कापड, दगड, काच. त्यातही एक पेच होता. पाऊस ओला असतो, ही गोष्ट फिल्मवर आपोआप येत नाही. पडद्याला ना गारवा, ना मातीचा वास, ना रंग. ओल म्हणजे काय, हे फक्त उजेडाच्या भाषेत सांगायचं. कोरडा दगड खरबरीत असतो, उजेड सगळीकडे विखरून टाकतो आणि सपाट करडा दिसतो. त्यावर पाण्याचा पातळ पापुद्रा चढला की दोन गोष्टी एकाच वेळी घडतात. आत शिरलेला उजेड त्या पापुद्र्याखालीच घुटमळतो, म्हणून दगड काळपट होतो; वरच्या बाजूनं तोच पापुद्रा आरशासारखा चमकतो. काळं अधिक काळं, पांढरं अधिक पांढरं. उजेडाच्या दिशेनं तोंड करून, तिरप्या नजरेनं पाहिलं तर ही चमक कितीतरी वाढते. ‘रेखेन’मधले रस्ते बहुतेक असे तिरपे, उजेडासमोरून पाहिलेले आहेत. पाण्याचा एकही थेंब नीट न दाखवता ओलेपणा अंगावर येतो तो त्यामुळे.

आपल्याकडच्या वाचकाला चार महिने पाऊस ही काही विशेष गोष्ट वाटणार नाही. जून ते सप्टेंबर म्हणजे चार महिनेच झाले. पण ॲम्स्टरडॅमचा पाऊस वेगळा. मुंबईवर चार महिन्यांत दोन मीटरहून अधिक पाणी पडतं. तिथे वर्षभरात त्याच्या निम्म्याहून कमी, आणि तेही बाराही महिने सुटं सुटं, चिल्लर पडतं. सर येते, दहा-पंधरा मिनिटांत उरकते, ऊन पडतं. कोट चढवून चौकात पोचेपर्यंत सगळं संपलेलं. म्हणून इव्हेन्सनं शहरभर पावसाचे पहारेकरी नेमले. वेगवेगळ्या भागांत राहणारे मित्र त्याला हवे ते पावसाचे प्रकार कुठे सुरू झालेत ते फोनवरून कळवायचे. रबरी बूट आणि रेनकोट कायम तयार. कॅमेरा कचेरीत, प्रयोगशाळेत, आगगाडीत, रस्त्यात सतत बरोबर, आणि रात्री उशाशी. का, तर सकाळी जाग येताना पाऊस पडत असेल तर पलंगावरच्या तिरप्या काचेचं चित्रण पडल्या पडल्या करता यावं. लघुपटातल्या काचेवरून ओघळणाऱ्या थेंबांपैकी काही उत्तम चित्रं अशी, पांघरुणातून घेतलेली आहेत.

हे कळल्यावर ती काच वेगळी दिसू लागते. आतापर्यंत ती ॲम्स्टरडॅममधली एक खिडकी होती; आता ती एका तिशीतल्या माणसाच्या उशावरची खिडकी झाली. त्यानं हे चित्रात कुठेही सांगितलेलं नाही. पण या लघुपटात काय नाही याचा विचार केला की त्याची निवड ध्यानात येते. संग्रहालयांची, राजवाड्याची, रेम्ब्रांटच्या गावाची म्हणून कुणी पाहुण्याला दाखवेल ती मिरवणूक इथे नाही. आहे ती रोजची ट्राम, रोजचा चौक, घराचं छप्पर. बाहेरून आलेल्याला शहर इमारतींनी आठवतं. राहणाऱ्याला ते एखाद्या वळणावर लागणाऱ्या पागोळीनं किंवा ट्रामच्या ठरावीक बाजूच्या खिडकीनं आठवतं. इव्हेन्सनं राहणाऱ्याचं शहर टिपलं आणि त्यावर स्वतःच्या नावाची पाटी लावली नाही. म्हणूनच पाहणाऱ्याला त्या काचेआड स्वतःची काच ठेवायला जागा मिळते.

एका चित्राची हकीकत त्यानं पुढे आत्मकथनात लिहून ठेवली आहे. शहराच्या मधल्या मोठ्या चौकात त्याला तीन लहान मुली दिसल्या, तिघी एकाच पावसाळी वस्त्राखाली, उड्या मारत चाललेल्या. त्यांच्या पायांची लय थेंबांच्या लयीशी जुळत होती. त्यानं क्षणाचाही विचार न करता कॅमेरा सुरू केला. एके काळी त्याला वाटायचं की असं काही आज सुटलं तर उद्या घेऊ. आता त्याला कळून चुकलं होतं की उद्या त्या वेळी त्या मुली तिथे येणार नाहीत. आल्या तर पाऊस नसेल. पाऊस असेल तर ते वस्त्र नसेल. तेही असेल तर उजेड नसेल. आदल्या वर्षी त्यानं रॉटरडॅमच्या उचलत्या रेल्वेपुलावर ‘द ब्रुख’ हा लघुपट केला होता. पूल जागचा हलत नाही, ठरल्या वेळी वर जातो, ठरल्या वेळी खाली येतो. त्याचा प्रत्येक सांधा आधी कागदावर मांडून टिपता येतो. पावसानं त्याची ही शिस्त मोडली. मला वाटतं, पुलानं त्याला बघायला शिकवलं आणि पावसानं हात चालवायला.

फ्रांकेनचं नाव इथे मागे पडू नये. तो तेव्हा पॅरिसमध्ये राहत होता. कल्पना आणि आराखड्यात त्याचा मोठा वाटा, चित्रण आणि जुळणी इव्हेन्सची. दोघंही फिल्मलीगा या १९२७ मध्ये सुरू झालेल्या डच चित्रमंडळाच्या वर्तुळातले. सोव्हिएत दिग्दर्शक पुदोव्हकिनच्या ‘मदर’ या चित्रपटाला जाहीर खेळाची परवानगी नाकारली गेली तेव्हा कलावंतांनी तो खाजगीत दाखवला, आणि त्यातून हे मंडळ उभं राहिलं. धंदेवाईक चित्रपटगृहांना नको असलेल्या फिल्म हे मंडळ दाखवायचं.

आता मूळ कोड्याकडे येऊ. दहा सुरुवाती, कितीतरी मध्य आणि कितीतरी शेवट, महिनोन् महिने वेगवेगळ्या वेळी घेतलेले. ते जोडले तर जोड दिसायला हवेत. दिसत नाहीत. यामागे मला दोन कारणं दिसतात, आणि दोन्ही पावसानंच पुरवलेली आहेत.

पहिलं, आभाळ भरलं की सावल्या जातात. उन्हात घेतलेल्या दोन चित्रांतल्या सावल्या वेगवेगळ्या बाजूंना पडलेल्या असल्या तर डोळा लगेच ओळखतो की एक सकाळचं आहे आणि दुसरं संध्याकाळचं. ढगाखाली उजेड चहूबाजूंनी सारखा येतो आणि घड्याळ पुसून टाकतो. पहिल्या महिन्यातली सकाळ आणि तिसऱ्या महिन्यातली दुपार शेजारी ठेवली तरी भांडत नाहीत. ज्या अंधारानं इव्हेन्सला चित्रणाच्या वेळी छळलं, त्यानंच जुळणीच्या टेबलावर त्याला तारलं.

दुसरं कारण आपल्या अंगात आहे. पावसाचा क्रम सगळ्यांना पाठ असतो. वारा, मग काळोखी, मग एखादा थेंब, मग तळहात, मग छत्री. आधीच्या चित्रानं विचारलेल्या प्रश्नाला पुढचं चित्र उत्तर देतं आणि आपण त्या उत्तरात इतके गुंततो की हा रस्ता कुठला आणि ही छत्री कुठली, याची चौकशीच करत नाही. दोन चित्रांमधली फट आपण स्वतःच्या पावसानं भरतो. त्या भरलेल्या भागात माझ्या बाबतीत ॲम्स्टरडॅम नसतंच. दादरच्या पुलावर छत्री उलटी झालेली असते.

हंगेरीच्या बेला बालाझ या चित्रपट-समीक्षकानं या लघुपटाविषयी लिहिताना नेमकं हेच हेरलं होतं: हा अमुक ठिकाणी, अमुक वेळी पडलेला एखादा पाऊस नव्हेच, स्थळ आणि काळ यांनी या चित्रांना एकत्र बांधलेलं नाही. पुढे जिल दलझ या फ्रेंच तत्त्वज्ञानंही चित्रपटावरच्या आपल्या ग्रंथात हा धागा उचलला. मला त्यात एकच भर घालावीशी वाटते. मनात राहिलेलं गाव असंच असतं. शाळेतून भिजत घरी आल्याची आठवण ही कुठल्या एका दिवसाची नसते. दहा वर्षांतले कितीतरी दिवस मिसळून तिचा एक दिवस झालेला असतो, आणि तो आपल्याला सगळ्यांहून खरा वाटतो. इव्हेन्सनं कात्री आणि फिल्म चिकटवायचं सिमेंट घेऊन तेच काम केलं, जे आठवण कात्रीशिवाय करते.

त्याच काळात युरोपात शहरांवर पुष्कळ प्रयोग चालले होते. वाल्टर रुटमाननं १९२७ मध्ये बर्लिनचा पहाटेपासून रात्रीपर्यंतचा एक दिवस पाच अंकांत मांडला. झिगा व्हर्टोव्हचा ‘मॅन विथ अ मूव्ही कॅमेरा’ १९२९ चाच. त्यात मॉस्को, कीव्ह, खारकीव्ह आणि ओडेसा मिसळून एकच शहर रचलेलं आहे. व्हर्टोव्हनं अनेक शहरांचं एक शहर केलं, इव्हेन्सनं अनेक सरींची एक सर केली. दोघांनीही फिल्मची जी ताकद ओळखली ती एकच. पण रुटमानचं बर्लिन थक्क करतं आणि तरी ते कुणाचं आहे हे कळत नाही. उंच जागी उभं राहून सगळं शहर एकदम चालताना बघितल्यासारखं ते आहे. ‘रेखेन’ला सगळं शहर नको आहे. जितकं एका छत्रीखालून दिसतं तितकं त्याला पुरतं.

लघुपट गाजला, आणि त्यावर मोठा आक्षेपही आला: यात आशय नाही. इव्हेन्सनं हा आक्षेप पुढे एका अर्थानं मान्य केला. पावसाला माणसं कशी सामोरी जातात ते आपण पुरेसं दाखवलं नाही, सगळं सौंदर्याच्या हवाली केलं, असं त्यानं म्हटलं आहे. त्याचं पुढचं आयुष्य या आक्षेपाला दिलेलं उत्तरच होतं. आंरी स्तोर्कबरोबर बेल्जियमच्या संपकरी खाणकामगारांवर ‘बोरिनाज’, यादवी युद्धातल्या स्पेनवर हेमिंग्वेच्या निवेदनासह ‘द स्पॅनिश अर्थ’. डच ईस्ट इंडीजच्या चित्रपट आयुक्तपदाची नेमणूक सोडून त्यानं सिडनीच्या बंदरात केलेला ‘इंडोनेशिया कॉलिंग’ १९४६ चा. इंडोनेशियाचं स्वातंत्र्य चिरडायला निघालेली डच जहाजं अडवणाऱ्या गोदी कामगारांत आणि खलाशांत भारतीय खलाशीही होते, ते त्यात दिसतात. त्यापायी मायदेशाच्या सरकारचा रोष त्यानं वर्षानुवर्षं सोसला.

या सगळ्या कामाविषयी मला आदर आहे, आणि तरीही इथे मी इव्हेन्सच्या विरुद्ध इव्हेन्सचीच बाजू घेईन. ‘रेखेन’ला आशय आहे. ज्या माणसानं तीन मुलींचे पाय एका क्षणात ओळखले, त्यानंच पुढे खाणकामगाराचे हात ओळखले. सामान्य रस्त्यावर, बिनमहत्त्वाच्या वेळी, ओळखदेख नसलेल्या माणसाच्या अंगावर पडणारा पाऊस चार महिने मन लावून पाहावासा वाटणं, हाच आशय आहे.

पावसासारख्या पकडीत न येणाऱ्या गोष्टीचा नाद त्याला शेवटपर्यंत राहिला. १९६५ मध्ये त्यानं फ्रान्सच्या दक्षिणेत वाहणाऱ्या मिस्त्राल वाऱ्यावर फिल्म केली. आणि १९८८ मध्ये, नव्वदीला टेकलेला असताना, मार्सेलीन लोरिदाँबरोबर चीनमध्ये ‘वाऱ्याची गोष्ट’ केली. लहानपणापासून दम्यानं गांजलेला हा म्हातारा त्यात वाळवंटात खुर्ची टाकून वाऱ्याची वाट बघत बसतो. पाऊस निदान दगड ओला करतो, वारा तेवढंही मागे ठेवत नाही. पुढच्याच वर्षी, १९८९ मध्ये, तो गेला.

‘रेखेन’ या मूक लघुपटाला पुढे संगीतही लाभलं, आणि तेही दोन टोकांचं. सुरिनामचा लेखक-संगीतकार लू लिख्टफेल्टनं १९३२ मध्ये त्याला पहिल्यांदा संगीत दिलं. मग १९४१ मध्ये, नाझींमुळे अमेरिकेत परागंदा झालेल्या हान्स आइसलरनं चित्रपट-संगीताच्या एका संशोधन प्रकल्पात ‘रेखेन’ हातात घेतला आणि ‘पावसाचं वर्णन करण्याचे चौदा प्रकार’ ही रचना केली. बासरी, क्लॅरिनेट, व्हायोलिन किंवा व्हायोला, चेलो आणि पियानो, एवढीच वाद्यं. रचना बारा स्वरांच्या पद्धतीची आणि ती पद्धत घडवणारे आपले गुरू आर्नोल्ड शोनबर्ग यांना त्यांच्या सत्तराव्या वाढदिवसानिमित्त अर्पण केलेली. आइसलरचं संगीत थेंबांची नक्कल क्वचितच करतं. ते कधी चित्राबरोबर चालतं, कधी चित्राला सोडून स्वतःच्या विचारात जातं, आणि तीच चित्रं अचानक परक्या देशात खिडकीशी बसलेल्या माणसाची होतात. ज्या युरोपातून तो हाकलला गेला होता, त्याच युरोपातली ती ओली छपरं होती. एकच सर, पण ती आता दुसऱ्याच्या मालकीची.

आपल्याकडे मुंबईवरही अशा प्रयोगांची एक छोटी पण कसदार ओळ आहे, आणि ती एका सरकारी संस्थेत उमटली हे विशेष. प्रागला यिर्शी त्रन्का यांच्याकडे बाहुल्यांचं ॲनिमेशन शिकून आलेल्या प्रमोद पती यांनी फिल्म्स डिव्हिजनसाठी १९७० मध्ये ‘ट्रिप’ हा काही मिनिटांचा लघुपट केला. चौकटीमागून चौकट थांबत घेतलेली माणसं आणि रस्ते त्यात असे झरझर सरकतात की रोजची मुंबई क्षणभंगुर वाटू लागते. मणि कौल यांच्या १९८० च्या ‘अरायव्हल’मध्ये फळं, भाज्या, मेंढरं आणि कामाच्या शोधातली माणसं शहरात येऊन पोचताना दिसतात, कोण येतंय आणि काय येतंय, हा फरक हळूहळू पुसला जातो तसं पोटात खड्डा पडतो. मुंबईच्या पावसावर मात्र गाण्यांचा सुकाळ असूनही ‘रेखेन’सारखी बारा निःशब्द मिनिटं मला अजून भेटलेली नाहीत. कुणीतरी ती करावी, अशी माझी फार इच्छा आहे. आज फोनचा कॅमेरा किनामोपेक्षा लहान आहे, रात्रीच्या उजेडातही चालतो, आणि पहारेकरी मित्रांचा गट तर प्रत्येकाच्या खिशात तयार आहे. लागतील ते फक्त चार महिने.

‘रेखेन’ पाहायला बसलात तर पहिल्यांदा आवाज पूर्ण बंद करून पाहा. थोड्या वेळानं पागोळ्यांचा आवाज तुम्हीच पुरवू लागाल. दुसऱ्यांदा आइसलरच्या संगीतासह पाहा. आणि तिसऱ्यांदा छत्र्या, माणसं, ट्राम सगळं सोडून देऊन फक्त खालच्या दगडांवर लक्ष ठेवा. पाऊस नुकताच सुरू होतो आहे असं वाटतं त्या चित्रांमध्ये एखादा दगड आधीच ओला असेल, किंवा भर सरीत एखादा कोपरा कोरडा राहिला असेल, तर दोन पावसांमधला टाका तिथे आहे. मला अजून एकही खात्रीनं दाखवता येत नाही.